सोलापूरच्या थंडीत साप खरंच झोपतात का?

मोहोळ तालुक्यातल्या एका शेतकरी बंधूंनी विचारलं आहे: 'हिवाळ्यात साप बिळात झोपी जातात असं शाळेत शिकलो. मग डिसेंबरात सकाळी दहाच्या सुमाराला आमच्या विहिरीच्या जुन्या धावेवर (पूर्वी मोट ओढताना बैल ये-जा करायचे त्या उतारावर) घोणस ऊन खात कशी पडली होती? बेडूक, घोरपड, खोकड हे बाकीचे जीव थंडी कशी काढतात? आणि विहिरीजवळची बिळं आत्ताच बुजवून टाकावीत का?'

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण तुम्ही कदाचित फावडं घेऊन उभे असाल. बिळं बुजवू नका. का ते पुढे येईलच.

शाळेत शिकवलं ते खोटं नाही, पण ते जिथे जमीन गोठते त्या मुलखातलं आहे. कॅनडातल्या मॅनिटोबात गार्टर नावाचे साप चुनखडीच्या कपारींत हजारोंच्या संख्येनं उतरतात आणि बर्फ वितळल्यावरच बाहेर येतात. लडाखमधला मार्मोट हा खारीच्या कुळातला जाडजूड प्राणी वर्षातला अर्ध्याहून जास्त काळ बिळात काढतो. अलास्कातल्या एका बेडकाच्या अंगातलं निम्म्याहून जास्त पाणी चक्क गोठतं, रक्तातल्या साखरेच्या जोरावर त्याच्या पेशी तगतात आणि वसंतात तो पुन्हा उडी मारतो. इंटरनेटवर 'साप हिवाळ्यात काय करतात' असं शोधलंत तर हेच सापडेल. त्यावरून मोहोळच्या विहिरीबद्दल अंदाज बांधता येत नाही.

आपल्याकडे जानेवारीत पहाटेचं तापमान बहुतेक वेळा १५-१६ अंशांच्या आसपास असतं. उत्तरेकडून लाट आली तर १० पर्यंत उतरतं. सोलापुरात सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत लोक स्वेटर घालून फिरतात ते याच दिवसांत. पण त्याच दिवशी दुपारी पारा ३० ला टेकलेला असतो. म्हणजे सापाला सोसावी लागणारी खरी थंडी ही मध्यरात्रीपासून सकाळी आठपर्यंतची. एवढ्या काही तासांसाठी कुणी तीन महिने झोपत नाही. इथल्या सापांना झोपेची गरजच नसते. थंडी टाळायला जागा आणि बाहेर पडायची वेळ बदलली की त्यांचं भागतं.

सापाच्या अंगात आपल्यासारखी शेगडी नसते. त्याचं शरीर बाहेरून ऊब घेतं. साधारण २८ ते ३२ अंशांच्या आसपास त्याचे स्नायू, पचन, हालचाल सगळं नीट चालतं. अंगाचं तापमान १० अंशांनी उतरलं की शरीराचा खर्च निम्म्यावर किंवा त्याहूनही खाली येतो. हा तोटा वाटतो, पण पोटासाठी हीच मोठी सोय आहे. ज्याला अंग गरम ठेवायला जेवावं लागत नाही, तो एका उंदरावर कित्येक दिवस काढतो. धामणीएवढ्या वजनाच्या मुंगसाला रोज शिकार लागते. धामण पंधरा दिवस उपाशी राहिली तरी तिच्या अंगावर ते दिसत नाही.

अडचण येते ती पचनाची. साप भक्ष्य अख्खं गिळतो. ते जिरायला ऊब हवी. गिळलेला उंदीर पोटात आणि अंग गार, अशी स्थिती राहिली तर तो आतच कुजायला लागतो आणि साप तो ओकून टाकतो. म्हणून लाटेच्या दिवसांत साप शिकार सोडतात, आणि पोट भरलेला साप दिवसा उन्हाला आलेला जास्त दिसतो. धावेवर पडलेल्या घोणशीचं पोट मधेच फुगलेलं होतं का, हे तुम्ही पाहिलं असतं तर अर्धं उत्तर तिथेच मिळालं असतं. अर्थात तेवढं जवळ गेला नाहीत हे बरंच झालं.

आता जागेचं. सोलापूरच्या सापाला काळ्या मातीइतका दुसरा आधार नाही. पावसाळा सरला, रब्बीची ज्वारी ओल ओढू लागली की डिसेंबर-जानेवारीत शेताला भेगा पडतात. कोळपणी झाली नसेल तर काठी आत घातली की अख्खी जाते, आणि चांगल्या खोल जमिनीत काही भेगा कमरेइतक्या खाली उतरतात. जमिनीचा गुण असा की दिवस-रात्रीचा फरक तिच्या वरच्या थरातच जिरतो. हातभर खाली तो जवळपास पोहोचत नाही. पुरुषभर खाली गेलात तर तिथलं तापमान वर्षाच्या सरासरीच्या जवळ असतं, आणि सोलापूरची सरासरी २६-२७ अंशांच्या घरात आहे. पहाटे बाहेर १२ अंश असताना भेगेच्या तळाशी विशीच्या वरचं तापमान असतं. उन्हाळ्यात पारा ४२-४३ ला गेला की तीच भेग थंड वाटते. म्हणजे एकच घर दोन्ही ऋतूंना पुरतं.

भेगांच्या जोडीला उंदरांची आणि घुशींची बिळं. साप स्वतः बीळ खणत नाही. मांडूळ आणि डुरक्या घोणस (नावात घोणस असली तरी ही बिनविषारी, वेगळी जात) भुसभुशीत मातीत तोंड खुपसून शिरतात तेवढंच. बाकी सगळे दुसऱ्याच्या घरात राहतात, आणि बऱ्याचदा घरमालकाला खाऊनच. मुरमाड माळावर भेगा पडत नाहीत, तिथे दगडी ताली, वारुळं आणि सपाट दगडांच्या खालची पोकळी उपयोगाला येते. असला दगड दिवसभर तापतो आणि रात्री उशिरापर्यंत ऊब सोडत राहतो, म्हणून फुरशासारखा छोटा साप त्याच्याखालीच मुक्काम करतो. जुन्या गावठाणात माळवदाची घरं आणि पांढऱ्या मातीच्या जाड भिंती हेच काम करतात. पडक्या गढीच्या भिंतीत नाग का निघतो याला धनाची राखण वगैरे कारण शोधायला नको. भिंत दीड-दोन हात जाड आहे, आत पोकळी आहे, उंदीर आहेत. नागाला यापेक्षा जास्त काय लागतं?

वेळेचा बदल दिसायला सोपा आहे. धामण एरवी सकाळी लवकर फिरते, ती आता दहा-साडेदहानंतर निघते आणि चारच्या आत परतते. नागाचंही तसंच, ढगाळ दिवशी तो दिसतच नाही. घोणस मूळची रात्रीची, पण थंडीत ती दिवसा उघड्यावर येऊन पडते. ऊन खाताना ती बरगड्या पसरून अंग चपटं करते, म्हणजे जास्त भाग उन्हाला लागतो. त्यामुळे ती आहे त्याहून जाड दिसते आणि लोक 'अजगराचं पिल्लू आहे' म्हणून हात लावायला जातात. कुकरच्या शिट्टीसारखा फुत्कार ऐकू आला की मग कळतं. पाठीवर साखळीसारख्या तीन रांगा, तिकोनी डोकं आणि आखूड शेपूट असेल तर मोबाईल काढण्याआधी मागे सरा.

कवड्या साप हिवाळ्यात घरात जास्त सापडतो, कारण पाली ट्यूबलाईटच्या आणि फ्रीजच्या मागे उबेला गोळा होतात आणि तो पालींच्या मागावर असतो. त्याच्या अंगावरचे आडवे पट्टे बघून लोक मण्यार समजून मारतात. कवड्याचे पट्टे मानेकडे ठळक आणि शेपटीकडे पुसट होत जातात. मण्यारीचे उलटे, मानेकडे पुसट आणि मागे ठळक, बहुधा जोडीजोडीनं. तरी ओळख पटवायला वाकू नका. मण्यार थंडीत कमी फिरते, पण पूर्ण थांबत नाही. ऊसतोड मजुरांच्या कोप्यांत, म्हणजे पाचटाच्या झोपड्यांत, वाकळ जमिनीवर अंथरून झोपणाऱ्यांना तिचा धोका राहतोच. तिचा दंश दुखत नाही, सुजत नाही. पहाटे पोटात कळ येते, पापण्या जड होतात, आणि तोवर उशीर झालेला असतो. गादीखाली चारी बाजूंनी खोचलेली मच्छरदाणी हा त्यावरचा सगळ्यात स्वस्त उपाय.

घोणशीबद्दल अजून एक सांगायला हवं, कारण तुमच्या प्रश्नाचं खरं उत्तर त्यात आहे. दिवाळीनंतर, साधारण नोव्हेंबर ते जानेवारी, हा तिचा जोडीचा काळ. नर मादीच्या वासावर निघतात आणि एरवी जिथे कधी दिसत नाहीत तिथे दिसतात, बांधावर, रस्त्यावर, विहिरीच्या काठावर. दोन नर भेटले तर अंगाला अंग पिळून, पुढचा भाग उभा करून एकमेकांना खाली दाबतात. चावत नाहीत. हरलेला निघून जातो. बघणाऱ्यांना ती नर-मादीची जोडी वाटते आणि कोणीतरी अंगावर टाकायला कोरं कापड आणायला पळतं. धामणींच्या झुंजीबद्दलही हाच गैरसमज, वर 'नाग आणि धामण जुळले' ही भर. नागाची मादी नागीणच असते, धामण ही वेगळीच जात, आणि तिच्यातही नर-मादी दोन्ही असतात. घोणशीची मादी अंडी घालत नाही, पोटातच वाढवते आणि उन्हाळ्याच्या शेवटी ते पावसाच्या तोंडावर २०-४० जिवंत पिल्लं देते. हिवाळ्यात तिचं ऊन खाणं हे पुढच्या बाळंतपणाच्या तयारीत मोडतं.

म्हणून 'थंडीत साप नसतात' हा समज सोलापुरात मला सगळ्यात घातक वाटतो. पावसाळ्यात माणूस सावध असतो, हिवाळ्यात बिनधास्त होतो. त्यात शेतीची लाईट रात्रीची. थंडी पडलेली, पायात साधी चप्पल, डोक्याला मफलर, एका हातात फावडं आणि माणूस दारं धरायला, म्हणजे पिकाला पाणी द्यायला, निघतो. ज्वारी कणसात आलेली, उंदीर त्यावर तुटून पडलेले, उंदरांच्या मागे साप. पाणी बिळात शिरलं की आतला जीव बाहेर येतो, मग तो उंदीर असो की घोणस. गमबूट आणि चांगली बॅटरी एवढं केलं तरी निम्मा धोका टळतो. पुण्याहून हुरड्याला येणारी मंडळी रात्री बांधावर शेकोटीभोवती बसतात, तेव्हा कोणी तरी विचारतंच की शेकोटीनं साप लांब राहतात का. राहत नाहीत, आणि उबेला येतही नाहीत. पण जळणाच्या ढिगातून अंधारात हातानं लाकूड ओढणं मात्र धोक्याचं. कडब्याच्या गंजीचं आणि गोवऱ्यांच्या ढिगाचंही तेच. पेंडी आधी काठीनं हलवा, मग उचला.

गार पडलेला साप सुस्त असतो, पण तोंडाला सुस्ती नसते. त्याचं विष थंडीत उतरत नाही. हे जुन्या लोकांनाही सांगावं लागतं.

आता बेडूक. यांचं गणित थंडीवर नाही, ओलीवर आहे. बेडकाची कातडी पाणी धरूनही ठेवत नाही आणि रोखूनही ठेवत नाही, शिवाय श्वासाचा बराच भाग कातडीतूनच चालतो. त्यामुळे त्याला कोरड्या हवेचं भय थंडीपेक्षा कितीतरी जास्त. माळरानावरच्या बिळकरी बेडकाच्या मागच्या पायांच्या तळव्याला फावड्यासारखी कडक गाठ असते. तो बूड आधी मातीत घालतो आणि उलटा फिरत फिरत खाली जातो. परतीचा पाऊस संपल्यावर उतरलेला बेडूक जूनच्या पहिल्या मोठ्या सरीला वर येतो. मधले सात-आठ महिने तो जवळपास न हलता काढतो, आणि त्यात हिवाळा हा सुखाचा भाग म्हणायचा. मार्च ते मे खरी कसोटी.

उजनीच्या कालव्यानं मात्र हे चित्र बदललं आहे. १९८० च्या सुमाराला भीमेवर धरण झालं आणि जिथे पूर्वी दसऱ्यानंतर टिपूस नसायचं तिथे बारमाही पाणी खेळू लागलं. पाण्यावर टणाटण उड्या मारत जाणारा छोटा बेडूक अशा कडेला हिवाळाभर जागा असतो. तो जागा म्हणून त्याला खाणारा दिवड हा पाणसापही जागा. उसाच्या पट्ट्यात थंडीतही साप भरपूर आणि कोरडवाहू बार्शी-करमाळ्याच्या माळावर कमी, असा फरक जाणवतो त्याचं बरंचसं कारण पाणी आहे.

घोरपड थंडीत फार दिसत नाही. वारुळात किंवा झाडाच्या ढोलीत पडून राहते, पावसाळ्यात खाऊन साठवलेल्या चरबीवर दिवस काढते, आणि एखाद्या उबदार दुपारी तोंड बाहेर काढते. अशी सुस्तावलेली घोरपड पकडायला सोपी, म्हणून शिकारही याच दिवसांत होते. घोरपड वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ च्या पहिल्या अनुसूचीत आहे. तिची शिकार म्हणजे थेट तुरुंग. मांडुळाच्या मागे लागलेल्या 'दुतोंड्या'च्या व्यापाऱ्यांनाही हेच लागू.

सरडा सकाळी काळपट दिसतो, ऊन लागलं की फिकट होतो. गडद रंग ऊब लवकर ओढतो एवढंच त्यामागे आहे. विंचू दगडाखाली जवळपास निपचित असतो. त्याच्यासारखा कमी खर्चात जगणारा जीव विरळा, एका किड्यावर आठवडे काढतो.

ज्यांचं रक्त गरम त्यांची कथा वेगळी. चिचुंद्रीएवढ्या लहान अंगातून ऊब भराभर निघून जाते, म्हणून तिला रात्रभर तोंड चालवावं लागतं. तिला थंडीत विश्रांती नाही. घुशी बिळात कणसं ओढून नेतात, खोल कोठार भरतात. रब्बीच्या शेतात बीळ उकरलं तर त्यात ज्वारी निघते ती अशी. ससा बीळ करत नाही, गवतात अंगाच्या मापाचा खळगा करून वाऱ्याकडे पाठ करून बसतो. वेडा राघू रात्री फांदीवर एकमेकांना चिकटून रांगेनं बसतात आणि सकाळी पिसं फुलवून उन्हाला पाठ देतात.

खोकड म्हणजे माळावरचा छोटा कोल्हा. ते माझ्या आवडीचं, त्यामुळे त्याच्याबद्दल चार शब्द जास्त. नान्नजच्या माळढोक अभयारण्याकडे, किंवा कुठल्याही उघड्या माळावर, हिवाळ्याच्या सकाळी बिळाच्या तोंडाशी वेटोळं करून ऊन खाणारं खोकड दिसतं. एका बिळाला बरीच तोंडं असतात. डिसेंबर-जानेवारीत त्यांची जोडी जमते, आणि पुढे दीड-दोन महिन्यांनी पिल्लं येतात. याच काळात बोरं पिकतात आणि खोकड ती मन लावून खातं, विष्ठेत बोरांच्या आठळ्या सापडतात. उंदीर, नाकतोडे, बोरं, सगळं हाताशी. खोकडासाठी हिवाळा म्हणजे सुगीच. माळ नांगरला गेला आणि त्यावर प्लॉट पडले की मात्र त्याला ना बीळ उरतं ना बोर.

थंडीचा एक धोका तापमानाशी संबंधित नाही. याच दिवसांत उत्तरेकडून भोवत्या पक्षी येतात आणि गवतावरून अगदी खालून, हेलकावत उडत सरडे, उंदीर, नाकतोडे टिपतात. सापमार गरुड तर इथलाच. उन्हाला पडलेला साप त्याला वरून स्पष्ट दिसतो. म्हणून साप आसऱ्यापासून लांब पसरत नाही, भेगेच्या किंवा बिळाच्या जवळच, बऱ्याचदा अर्धं अंग आत ठेवून पडतो. तुमची घोणस धावेवर होती म्हणजे तिचं बीळ तिथून चार-दोन हातांवर आहे, असं समजा.

आता तुमच्या बिळांकडे. हिवाळ्यात बीळ बुजवलं तर आतला साप मरेल किंवा दुसऱ्या भेगेतून बाहेर पडेल. ती भेग कुठे उघडते हे तुम्हाला ठाऊक नसेल, कदाचित मोटरच्या खोलीत. उंदीर नवीन बीळ दोन रात्रींत काढतात, आणि साप नसल्यामुळे जोमानं. घरापासून, मोटरच्या खोलीपासून आणि गोठ्यापासून दहा-पंधरा पावलांच्या आतली बिळं बुजवायचीच असतील तर फेब्रुवारीच्या शेवटी, भर दुपारी, साप बाहेर असताना, आणि आधी तिथला दगड-विटांचा ढीग, जळण आणि कडबा हलवून. ढीग तसाच ठेवून बीळ बुजवण्यात अर्थ नाही. धावेवरचं गवत काढा. आसरा गेला की साप आपणहून सरकतो.

धरून लांब सोडण्याचा आग्रह सर्पमित्राला करू नका. तालुक्याबाहेर नेऊन सोडलेल्या सापाला तिथली बिळं, भेगा ठाऊक नसतात. तो आसरा शोधत भटकतो आणि थंड रात्री, रस्त्यावर किंवा मुंगसाच्या तावडीत संपतो. हिवाळ्यात तर हे जास्तच. घोणस घरात किंवा वाटेवर असेल तरच धरायची, आणि शक्यतो त्याच शिवारात, भर उन्हात, भेगा-बिळं असलेल्या बांधाला सोडायची. संध्याकाळी धरलेला साप रात्रभर हवेशीर कापडी पिशवीत, घरातल्या कोपऱ्यात राहू द्या. उबेसाठी शेकोटीजवळ किंवा बंद बरणीत उन्हात ठेवलेले साप मेल्याचं पाहिलं आहे. वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवलं की नोंदही होते आणि माणूसही मिळतो.

आणि दंश झालाच तर दोरी बांधू नका, कापू नका, चोखू नका. अंगठी, कडं, जोडवी काढा, तो हात किंवा पाय न हलवता १०८ बोलवा किंवा मिळेल त्या गाडीनं सरळ प्रतिविष असलेल्या सरकारी रुग्णालयात जा. घोणशीच्या दंशात सूज आणि रक्तस्राव होतो आणि मूत्रपिंडावर ताण येतो, त्यामुळे 'सकाळपर्यंत बघू' हे चालत नाही. साप मारून सोबत नेण्याची गरज नाही. आपल्याकडचं प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांवर एकच असतं.